मिनाबे-सानचा गुडघा

चार लोकांत कुणी विचारलं, "तुम्ही काय करता?", तर मी वर्षानुवर्षं एकच उत्तर देत आले: धुणीभांडी. समोरचा गडबडतो. सिंगापूरच्या ईस्ट कोस्टला, एखाद्या कॉन्डोतल्या पार्टीत, जिथे निम्मे लोक आयटीत आणि उरलेले बँकेत, तिथे तर फारच गडबडतो. मग मला दया येते आणि मी खुलासा करते, की आवाजाची धुणीभांडी. जुन्या सिनेमांचे आवाज घासूनपुसून स्वच्छ करून द्यायचे, हे माझं काम. "अरे वा, इंटरेस्टिंग हं!" असं म्हणून तो गृहस्थ समोशांकडे वळतो. आता मी निवृत्त आहे आणि वाचकांपुढे समोसे नाहीत, तेव्हा सगळं नीट सांगून घेते.

जुन्या सिनेमाच्या रिळावर चित्रांच्या कडेने आवाजाची एक बारीक पट्टी छापलेली असते. प्रोजेक्टरमध्ये तिच्यावर उजेड पडतो आणि त्या उजेडाचा पुन्हा आवाज होतो. कसा होतो ते सोडून द्या, मलाही पहिली काही वर्षं ती जादूच वाटायची. मुद्दा असा, की त्या पट्टीवर धूळ बसली, ओरखडा पडला, बुरशी लागली, की तीही ऐकू येते. उजेडाला गाणं काय आणि धूळ काय, दोन्ही सारखीच. नायिका हळूच काहीतरी सांगत असते आणि मागे पापड तळल्यासारखी चरचर चालू असते. ही चरचर काढायची आणि नायिकेला धक्का लावायचा नाही, एवढंच आमचं कसब.

या धंद्याचा धर्मही साधा आहे. काळाने जे चिकटवलं ते काढायचं. माणसांनी जे केलं ते ठेवायचं, मग ते बरं असो की वाईट. आणि जे कधी नव्हतंच ते घालायचं तर अजिबात नाही. सतार बेसूर लागली असेल तर बेसूरच राहणार. आम्ही धुणारे, शिवणारे नव्हे.

मुंबईतला डबिंग स्टुडिओ सोडून मी सिंगापूरला कशी आले, ते सांगत बसत नाही. नवरा जहाजावर चीफ इंजिनियर होता, एवढं म्हटलं की इथल्या मराठी माणसाला पुढचं कळतं. आमची लॅब पाया लेबारला, मॉलच्या चकचकाटापासून जरा आत, एका जुन्या कारखानी इमारतीत होती. खालच्या मजल्यावर टायरवाला, वरच्या मजल्यावर बेकरी आणि मधे आम्ही, साऱ्या आशियातले सिनेमे धूत बसलेले. बेकरीवाल्याचा मिक्सर सुरू झाला की जमीन थरथरायची आणि आमचं ऐकण्याचं काम थांबायचं. मग आम्ही सगळे खाली हॉकर सेंटरला, म्हणजे खाण्याच्या गाड्यांच्या बाजारात, जेवायला जायचो. त्या मिक्सरने आम्हाला वेळेवर जेवायची सवय लावली, हे त्याचे उपकारच.

गिऱ्हाइकं एकेक नमुनेदार. इथल्या आमच्या मराठी मंडळातल्या एका सद्गृहस्थांनी वडिलांच्या कीर्तनाची कॅसेट आणली होती. वडील गेलेले. कीर्तन छान रंगलेलं, पण मधेमधे बुवांना खोकल्याची उबळ यायची. "तेवढा खोकला काढा वहिनी," ते म्हणाले. मी त्यांना माझा धर्म ऐकवला. खोकला काळाचा नाही, बुवांचा आहे, वगैरे. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, "वहिनी, याच खोकल्याने ते गेले. मला तो पुन्हा नाही ऐकायचा." मी तो काढला. त्यांच्या चेहऱ्यावर जे समाधान दिसलं, ते पाहून माझा धर्म जरा खजील झाला. घरगुती कामाला मी पुढे धर्म लावला नाही. सिनेमाला मात्र लावत राहिले, आणि त्यातूनच मिनाबे-सानचं प्रकरण उभं राहिलं.

दोन हजार चौदा-पंधराचा सुमार असेल. जपानमधल्या एका बंद पडलेल्या सिनेमा कंपनीचा साठा दुसऱ्या एका कंपनीने घेतला आणि त्यातले काही सिनेमे आमच्याकडे धुवायला पाठवले. डबे उघडले तर मुरलेल्या लोणच्यासारखा आंबूस वास. फिल्म कुजायला लागली की असा वास येतो. म्हणजे हे सिनेमे वाचवायची ही शेवटचीच संधी होती. या सगळ्या सिनेमांत एक नट समान होता: सेइजिरो मिनाबे.

मी त्याचं नावही ऐकलं नव्हतं. पहिल्या आठवड्यात त्याने मला खिशात टाकलं. लढाईनंतरचा तो काळ. जपानी लोकांच्या ताटात काही नव्हतं, पण सिनेमाच्या दारात गर्दी होती, आणि कंपन्या पोळ्या लाटाव्यात तसे सिनेमे लाटत होत्या. हा गडी एका सिनेमात तलवारबाज, दुसऱ्यात बावळट कारकून, तिसऱ्यात दारुडा भटजी. गाणी स्वतः म्हणायचा. शामिसेन नावाचं त्यांचं तीन तारांचं वाद्य वाजवायचा. पंखा घेऊन नाचायचा. दुसऱ्या नटांच्या तलवारीच्या लढाया हाच बसवून द्यायचा, आणि पक्षी मिळाला नाही तर पक्ष्याचा आवाजही हाच काढायचा. आपल्या संगीत नाटकात कसे एकेक नट असत, पद म्हणतील, हशे घेतील आणि वेळ पडली तर पडदाही ओढतील, अगदी तसा.

तिकडच्या समीक्षकांना मात्र या सगळ्यापेक्षा एकच गोष्ट थोर वाटत होती, ती म्हणजे मिनाबेचा थांबा. रिळांबरोबर कंपनीने माहिती पाठवली होती, तिच्यात याचं कोण कौतुक! मिनाबे येतो, समोर बसतो, क्षणभर गप्प राहतो आणि मग बोलतो. त्या गप्प राहण्यात म्हणे साऱ्या युद्धोत्तर जपानचं दुःख साठलेलं आहे. असेल बापडं. मला एवढं दिसत होतं, की तो थांबला की माझा श्वासही थांबत होता.

आता गुडघ्याकडे येते. ओरखड्यांची टकटक काढायला आमच्याकडे सॉफ्टवेअर असतं. ते जे काढतं ते वेगळ्या फाइलमध्ये टाकतं. मोरीत खरकटं टाकण्याआधी त्यात चमचा तर गेला नाही ना, हे पाहायची बायकांची सवय असते. तशी मी ती टाकाऊ फाइल नेहमी पूर्ण ऐकायची. पुरुष सहकारी हसायचे. तर त्या खरकट्यात मला एक वेगळा आवाज सापडला. कट्. सुकी काडी मोडावी तसा. बाकीच्या शेकडो टकटकींमध्ये तो लपून गेला असता, पण ओरखड्याला खोली नसते. ओरखडा पट्टीवर जन्मतो, त्यामुळे त्याच्यामागे काही घुमत नाही. या 'कट्'च्या मागे लाकडी खोली होती, छप्पर होतं, चटया होत्या. म्हणजे तो आवाज त्या खोलीत, त्या दिवशी, खरोखर झाला होता.

चित्र लावून पाहिलं, तर तो आवाज मिनाबे खाली बसतो त्या क्षणी येत होता. दुसरा सिनेमा लावला. तलवारबाज मांडी घालून बसला: कट्. तिसरा. भटजी देवापुढे गुडघे टेकतो: कट्. मी खुर्चीतून उठून नाचायचीच बाकी होते. माणूस प्रत्येक सिनेमात नाव बदलत होता, वय बदलत होता, चालसुद्धा बदलत होता, पण गुडघा काही अभिनय करायला तयार नव्हता.

मी मोठ्या अभिमानाने कंपनीला कळवलं, की तुमच्या नटाचा गुडघा मला सापडला आहे, सॉफ्टवेअर तो खात होतं, मी वाचवला. कंपनीच्या वतीने युकारी नावाची एक हुशार मुलगी आमच्याशी इंग्रजीतून बोलायची. तिचा फोन आला. आवाज नेहमीसारखाच मऊ, आणि नावामागे जपानी आदराचं 'सान'.

"सुनीता-सान, मिनाबे-सान हयात आहेत. मी त्यांना तुमचा निरोप सांगितला."

"मग? खूश झाले असतील!"

"ते म्हणाले, खरा गुडघा मी डॉक्टरांकडून काढून घेतला, आता सिनेमातला तुम्ही काढा. सगळ्या सिनेमांतून."

मग युकारीने कारण सांगितलं. मिनाबे लहानपणी नाच शिकत होता. नाचासाठीच जन्मलेला, असं त्याचे गुरू म्हणायचे. लढाईत शाळेतल्या मुलांना कारखान्यात जुंपलं. तिथे बॉम्बहल्ल्यात शेडची तुळई कोसळली आणि गुडघा गेला. बरा झाला, पण वाजायला लागला. तो गुरूंकडे परत गेला, तर त्यांनी दारातूनच सांगितलं, "ज्याचं हाड बोलतं, त्याने नाचू नये." नाच सुटला म्हणून तो सिनेमात आला आणि बाकीचं सगळं शिकला. आता नव्वदीला टेकला होता. आपण गेल्यावर लोकांनी आपला गुडघा ऐकू नये, एवढीच त्याची इच्छा होती.

आमचे साहेब मिस्टर टॅन. शांत, टापटिपीचे, वाद न आवडणारे. त्यांना पेचच वाटेना. "क्लायंट सेज क्लीन, वी गिव्ह क्लीन, लाह." ('लाह' हे इथल्या बोलण्याचं शेपूट.) मी म्हटलं, हा मळ नाही, हा माणूस आहे. ते म्हणाले, "माणूसच सांगतोय ना, काढा म्हणून?" मूळ रिळाची न धुतलेली डिजिटल प्रत कुठल्यातरी तिजोरीत राहणार होती, पण ती कोण उघडतो? लोक पाहणार, ऐकणार ती आमची धुतलेली प्रत. तिच्यात गुडघा नसला, तर तो जगात कधी नव्हताच.

आंग मो किओच्या आमच्या फ्लॅटवर त्या दिवशी जेवताना मी घरच्यांचं डोकं खाल्लं. मुलगी म्हणाली, "आई, व्हाय यू सो कान्चिओंग? त्याचा गुडघा, त्याची मर्जी, लाह." कान्चिओंग म्हणजे उगाच घायकुतीला येणारा. आमच्या ह्यांना इंजिनरूमने निम्मं बहिरं केलेलं, त्यामुळे सगळं दोनदा सांगावं लागलं. मग आमटी ओरपत म्हणाले, "जहाजावर झोपताना इंजिनाचा दणदणाट चालायचा. त्याने कधी जाग नाही आली. इंजिन बंद पडलं की ताडकन उठायचो." आणि पुन्हा आमटीकडे वळले. नवऱ्याने सहज बोललेलं काही उपयोगी असू शकतं, हे मान्य करायला मला नेहमीच वेळ लागतो. या वेळीही लागला.

तेवढ्यात बातमी आली, की सिंगापूरच्या एका चित्रपट महोत्सवात मिनाबेचे सिनेमे लागणार आणि तो स्वतः येणार. मी टॅनसाहेबांना गाठलं. म्हटलं, दोन प्रसंग पूर्ण स्वच्छ करून ठेवते. म्हाताऱ्याने आपल्या कानांनी ऐकावं. तो हो म्हणाला, तर सगळ्या सिनेमांतून गुडघा काढते, पुन्हा तोंडातून शब्द काढणार नाही. साहेब तयार झाले. वाद टळतोय म्हटल्यावर ते कशालाही तयार व्हायचे.

दोन प्रसंग मी निवडले. पहिला, विनोदी सिनेमातला पंख्याचा नाच. दुसरा, त्याच्या सर्वांत गाजलेल्या सिनेमाचा शेवट. त्यात तो तलवार टाकून छत्र्या दुरुस्त करत गावोगाव फिरणारा माणूस असतो. कित्येक वर्षांनी घरी परततो. बायको चुलीपाशी बसलेली, मान वर करत नाही. तो तिच्यासमोर बसतो, थांबतो आणि विचारतो, "मेशी, आरु का?" म्हणजे, भात आहे का? बस्स, सिनेमा संपतो.

एक गोष्ट शपथेवर सांगते. गुडघा राहावा असं मला मनापासून वाटत होतं, पण काढताना मी हातचं राखून काही केलं नाही. खोलीची घुमणूकसुद्धा अशी जुळवली, की तिथे काही होतं हे माझ्या स्वतःच्या कानांना ओळखू येऊ नये. हरायचंच तर चांगलं काम करून हरावं.

मिनाबे-सान आले ते हॅट घालून, रेशमी रुमाल बांधून. अंगाने चिमूटभर, पण नजर अशी, की टॅनसाहेबांनी नकळत शर्टाचं बटण लावलं. मी खुर्ची पुढे केली. ते बसले, गुडघ्यावर थाप मारली आणि युकारीमार्फत मला म्हणाले, "ऐका." मी कान दिला. काहीच ऐकू आलं नाही. "जर्मन आहे," ते ऐटीत म्हणाले.

पहिल्यांदा नाच लावला. पडद्यावर तरुण मिनाबे पंखा फिरवत गिरकी घेतो, खाली बसतो, उठतो, पुन्हा गिरकी. गुडघ्याचं कुठे हूं की चूं नाही. म्हातारा खुर्चीत ताठ झाला. त्याची बोटं हवेत पंख्याबरोबर फिरू लागली. नाच संपल्यावर त्याने उठून मला कमरेतून वाकून नमस्कार केला. डोळे ओलावले होते. इकडे माझं अवसान गळालं. या माणसाला त्याचा नाच परत मिळाला होता. आता कुठल्या तोंडाने त्याला सांगू, की तुमचा गुडघा आम्हाला हवाय?

मग दुसरा प्रसंग. दार सरकलं. छत्री टेकली. तो चुलीपाशी बसला. शांतता. शांतता. "मेशी, आरु का?"

मिनाबे-सानच्या भुवया आक्रसल्या. "पुन्हा," ते म्हणाले. मी पुन्हा लावलं. ते पुढे सरकले, हाताचा कानाला आडोसा केला. "पुन्हा." तिसऱ्यांदा लावलं, तेव्हा त्यांनी पडद्यावरच्या स्वतःकडे बोट दाखवून युकारीला काहीतरी विचारलं. ती बिचारी गोरीमोरी झाली. सांगू की नको, असं तिचं झालं.

"सुनीता-सान, ते विचारतायत, या माणसाला काय झालंय? हा वाक्य विसरलाय का?"

त्या दृश्यात काहीतरी मेलंय, हे मला काम करताना जाणवत होतं, पण बोट ठेवता येत नव्हतं. त्यांनी ठेवलं. मी मूळ आवाज लावला. दार सरकलं. छत्री टेकली. तो बसला. कट्. त्या काडी मोडल्यासारख्या आवाजावर बायकोचे हात चुलीपाशी थबकले. इतक्यांदा पाहूनही हे माझ्या लक्षात आलं नव्हतं. तिने नवऱ्याला गुडघ्यावरून ओळखलं होतं. मग त्याचा थांबा. आणि मग, "मेशी, आरु का?"

मिनाबे-सान पहिल्यांदा हळू हसायला लागले, मग खदखदून. हसता हसता बोलत राहिले आणि युकारी त्यांच्या मागे धावत इंग्रजी करत राहिली. त्यांच्या पहिल्याच सिनेमात गुडघा नेमका संवादावर वाजला. दिग्दर्शकाने शिव्यांची लाखोली वाहिली, कारण त्या दिवसांत कोरी फिल्म मिळायची मारामार, आणि यांच्या गुडघ्यापायी ती वाया गेली. तेव्हापासून त्यांनी एक नियम केला. "आधी गुडघा बोलेल, मग मी बोलेन. त्याचं बोलून झालंय ना, याची खात्री करायला मी थांबायचो. लोकांना वाटलं, मी विचार करतोय."

मला वाटतं, माझ्या उभ्या कारकिर्दीत एवढा आनंद मला दुसऱ्या कशाने झाला नाही. ज्या थांब्यावर समीक्षकांनी रकानेच्या रकाने भरले, तो एका मोडक्या गुडघ्याशी केलेला समझोता होता. आणि तो तरीही थोरच होता. मी हसत होते आणि डोळे पुसत होते. टॅनसाहेब खिडकीबाहेर काहीतरी फार महत्त्वाचं असल्यासारखे तिकडे बघत होते.

हसू ओसरल्यावर म्हाताऱ्याने रुमाल सारखा केला. मग म्हणाला, "राहू दे त्याला. माझी निम्मी कामं त्यानेच केलीत." मी मान झुकवली. तर लगेच एक बोट वर! "पण नाचातला नको."

मी धर्म सांगायला तोंड उघडलं. नाचातलाही गुडघा माणसाचाच, काळाचा नव्हे. त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, की मला ते कीर्तनवाले सद्गृहस्थ आठवले. सत्तर वर्षांपूर्वी दारातून परत पाठवलेला मुलगा माझ्यासमोर बसला होता. "नाचातला काढते," मी म्हटलं. "तेवढाच." त्यांनी पुन्हा वाकून नमस्कार केला. कुणी याला तडजोड म्हणेल, कुणी धर्म बुडाला म्हणेल. त्याबद्दल मला आजही वाईट वाटत नाही. रुखरुख असलीच तर एवढीच, की सॉफ्टवेअरच्या भरवशावर मी याआधी किती सिनेमे धुतले, आणि त्यांच्या खरकट्यात कुणाकुणाचे गुडघे गेले असतील, देव जाणे.

महोत्सवाचा दिवस उजाडला. हॉल भरलेला. इथली चिनी म्हातारी माणसं, जपानी कुटुंबं, कॉलेजची मुलं, आणि मी ओढून आणलेली आमच्या मंडळाची एक अख्खी रांग. हॉलमध्ये आवाजाची पातळी नीट लावायची म्हणून मी सगळ्यात मागे, लॅपटॉप आणि मिक्सर घेऊन बसले होते. छत्रीवाल्याचा सिनेमा लागला. शेवटी तो बसला, गुडघा वाजला, आणि माझ्या शेजारच्या रांगेतल्या एका बाईच्या तोंडून "अगंबाई" निघून गेलं. तिला काय कळलं ते मी विचारलं नाही. दिवे लागले तेव्हा लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते.

मिनाबे-सान स्टेजवर आले. मुलाखत घेणाऱ्या मुलीने खुर्ची मांडून ठेवली होती. त्यांनी हाताने ती बाजूला सारली आणि जमिनीवर गादी मागवली. नवा गुडघा मिरवायचा होता, दुसरं काय? गादी आली. त्यांनी मांडीवर हात ठेवला, आणि अगदी त्या छत्रीवाल्यासारखे हळूहळू खाली बसले. बसले आणि थांबले.

आयुष्यभराची सवय. गुडघा आधी बोलणार, मग ते. पण गुडघा जर्मन होता, तो काही बोलेना. मी मागून त्यांचा चेहरा पडद्यावर मोठा झालेला पाहत होते. पहिल्या क्षणी ते फक्त वाट पाहत होते. दुसऱ्या क्षणी आपण कशाची वाट पाहतोय, ते त्यांना कळलं आणि चेहरा एकदम पोरका झाला. हॉलमध्ये चुळबुळ सुरू झाली. मुलाखतवाली मुलगी, त्यांना काही होतंय की काय या भीतीने, माइक घेऊन पुढे झाली. इंजिन बंद पडल्यावर ताडकन उठणारे आमचे हे मला त्या क्षणी आठवले.

मी टाकाऊ फाइल कधी पुसत नाही. नाचातून काढलेला गुडघा लॅपटॉपमध्येच होता. जे नव्हतं ते घालायचं नाही, हा नियम मी साऱ्या आयुष्यात एकदाच मोडला, आणि तो विचार करून नव्हे. बोट आपोआप गेलं.

कट्.

साऱ्या हॉलभर तो आवाज घुमला, लाकडी खोलीसकट. मिनाबे-सान दचकले. त्यांनी स्वतःच्या गुडघ्याकडे पाहिलं. मग मान वर करून, दिव्यांच्या झगमगाटात डोळे बारीक करून, अगदी मागे माझ्या दिशेने पाहिलं. त्यांना मी दिसणं शक्य नव्हतं. तरी ते हसले, माइक हातात घेतला आणि म्हणाले,

"मेशी, आरु का?"

त्यापुढे जे झालं, त्याला नुसत्या टाळ्या म्हणता येणार नाही. टॅनसाहेब, वाद न आवडणारे, शर्टाची बटणं लावणारे आमचे टॅनसाहेब, खुर्चीवर चढून शिट्टी वाजवत होते.

मिनाबे-सान पुढे दोनेक वर्षांनी गेले. युकारीने कळवलं. त्या संध्याकाळचं हॉलमधलं रेकॉर्डिंग माझ्यापाशी आहे. मधेच कुणाचा तरी फोन वाजतो, कुणी खोकतं, खुर्च्या करकरतात, आमच्या मंडळातल्या एक बाई शेजारणीला मोठ्याने विचारतात, "काय म्हणाले गं ते?" मुलगी म्हणते, आई, एवढं सगळ्यांचं साफ करतेस, हे का नाही करत?

नाही करत. त्याला मी अजून हात लावलेला नाही.